बदलीच्या गावी एकट्याने राहताना

एप्रिल आणि मे ह्या दोन महिन्यांत बदल्यांचे हुकूम निघतात, आणि ज्यांच्या नावे ते निघतात त्यांतील कित्येक जण पावसाळ्याच्या तोंडाशी एक सुटकेस, एक वळकटी आणि घरच्यांनी आग्रहाने सोबत दिलेली लोणच्याची बरणी एवढ्या सामानानिशी एखाद्या परक्या तालुक्याच्या गावी उतरतात. राज्य शासनाच्या नोकरांपुरते बोलायचे तर २००५ सालच्या कायद्याने एका जागी राहण्याचा सर्वसाधारण काळ तीन वर्षांचा ठरवून दिला आहे. बँकांतल्या, विमा कचेऱ्यांतल्या आणि खाजगी कंपन्यांतल्या बदल्यांचे नियम व हंगाम निराळे असले, तरी हुकूम हाती पडल्यावर घरात जी चर्चा होते ती सगळीकडे सारखीच. मुलगी दहावीला आहे, पत्नीची किंवा पतीची नोकरी ह्याच गावी आहे, आईचे मोतीबिंदूचे ऑपरेशन तोंडावर आले आहे, तेव्हा बिऱ्हाड हलवू नये, तूर्त एकट्यानेच जावे, पुढचे पुढे पाहू, असे ठरते. आणि तूर्त म्हणता म्हणता त्या तीन वर्षांतली दोन निघून जातात.

पहिला पंधरवडा बरा जातो. रुजू अहवाल द्यायचा असतो, मागच्या कचेरीकडून अंतिम वेतन प्रमाणपत्र आणवायचे असते, खोली शोधून अनामत ठरवायची असते, पाण्याची वेळ, विजेचा मीटर, गॅसची टाकी ह्यांची व्यवस्था लावायची असते. आणि गैरसोयीशी झुंजणाऱ्या माणसाला स्वतःकडे पाहायला सवड नसते. सगळी घडी बसली की मग एखाद्या दिवशी, साधारणतः तिसऱ्या-चौथ्या आठवड्यात, त्याच्या ध्यानात येते की, आज सकाळपासून आपण शंभर माणसांशी बोललो, अर्ज घेतले, सह्या केल्या, शंकांचे निरसन केले, प्रसंगी आवाजही चढवला, पण ह्या सगळ्या बोलण्यात कामाबाहेरचे असे एकही वाक्य आपण कोणाशी बोललो नाही आणि कोणी आपल्याशी बोलले नाही. ह्या अवस्थेतून जाणाऱ्या, अथवा अशी व्यक्ती शेजारच्या टेबलाशी बसलेली रोज पाहणाऱ्या वाचकांसाठी पुढील चार गोष्टी लिहीत आहे.

प्रारंभीच एक भेद स्पष्ट केलेला बरा, कारण तो न केल्यामुळे बरीच माणसे भलत्याच दारी जाऊन मागणे मागतात. अमेरिकन समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट वाइस ह्यांनी १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात एकाकीपणाचे दोन प्रकार वेगळे केले: जीवाभावाच्या एखाद्या माणसाच्या अभावी जाणवणारा तो एक, आणि कोणत्याही मंडळीत आपली गणना होत नाही ह्या जाणिवेतून उद्भवणारा तो दुसरा. एकाची उणीव दुसऱ्याने भरून निघत नाही. घरच्यांशी रोज रात्री तासभर फोनवर बोलणारा मनुष्य दुसऱ्या प्रकारच्या एकाकीपणाने कोमेजलेला असू शकतो, आणि कचेरीत जिच्यावाचून कोणाचे पान हलत नाही अशा बाईंना रात्री खोलीचे कुलूप काढताना पहिला प्रकार छळू शकतो. बदलीच्या गावी पहिल्या प्रकाराची तजवीज कचेरीकडून होईल अशी अपेक्षा धरू नये. ती घरच्यांकडून आणि जुन्या मित्रांकडूनच व्हायची, आणि त्यासाठी फोन, पत्र व महिन्याकाठचा घरचा मुक्काम ही साधने नेटाने सांभाळली पाहिजेत. दुसऱ्या प्रकारावर मात्र कचेरीत, प्रवासात, खानावळीत उपाय आहे, तो स्वस्त आहे, आणि माझ्या मते बऱ्याच जणांना जमण्यासारखा आहे. ठराविक वेळी ठराविक जागी, कोणाकडून फारशी अपेक्षा न ठेवता, पुन्हा पुन्हा दिसत राहावे, आणि अधूनमधून एखादी किरकोळ मदत निःसंकोचपणे मागावी, एवढाच तो आहे. स्नेही शोधण्याच्या खटपटीला लागू नये. ती खटपट समोरच्याला दिसते आणि तो सावध होतो.

हा उपाय काही नवा नाही. मुंबईच्या गिरण्या चालू होत्या त्या काळात घाटावरून आणि कोकणातून आलेल्या एकट्या पुरुषांचे आयुष्य त्यावरच उभे होते. गिरणगावातल्या एका गाळ्यात दहा-पंधरा, प्रसंगी त्याहूनही अधिक माणसे राहत. एक पाळी निजायला येई तेव्हा दुसरी कामावर निघालेली असे. ट्रंक भिंतीला, वळकटी दोरीवर, आणि जेवण महिन्याच्या हिशेबाने एखाद्या बाईच्या खानावळीत. त्या बाईला कोणाची पाळी कोणती आणि कोणाला तिखट सोसत नाही हे ठाऊक असे, आणि एखाद्याचे ताट दोन वेळा तसेच राहिले की चौकशीला माणूस जाई, कारण त्या ताटाचे पैसे तिलाही वसूल करायचे असत. ह्याच खानावळवाल्या बायकांना सावकाराच्या पाशातून सोडवण्यासाठी प्रेमा पुरव ह्यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळाची स्थापना केली, आणि १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या, सुमारे अडीच लाख कामगारांच्या संपानंतर गिरण्यांबरोबर ह्या खानावळींच्या चुलीही थंडावल्या. कोकणातल्या कित्येक गावांच्या मंडळांनी चाळींत खोल्या धरून ठेवलेल्या असत. गोव्याच्या ख्रिस्ती मंडळींच्या 'कूड' नावाच्या संस्था तर धोबी तलावाच्या आसपास, जेर महालासारख्या इमारतींत आजही आढळतात: एका गावच्या लोकांची एक कूड, बोटीवर चाकरी करणाऱ्या खलाशाने दोन सफरींच्या मधले दिवस तिथे काढावे, नाममात्र वर्गणी भरावी, आपली पेटी ठेवावी आणि संध्याकाळी वेदीसमोर सगळ्यांबरोबर रोझरीच्या प्रार्थनेला बसावे.

ह्या जुन्या संस्थांविषयी अलीकडे फार हळवेपणाने लिहिले जाते, आणि ते मला पटत नाही. गाळ्यांत ढेकूण होते, पैशांवरून मारामाऱ्या होत्या, जातीची आणि गावाची कुंपणे भक्कम होती, आणि त्या सोबतीची किंमत चुलीपाशी बसलेल्या बाईने मोजलेली होती. माणसे एकत्र राहत ती निराळी खोली परवडत नसे म्हणून, एकमेकांवरच्या लोभाने नव्हे. तरीही त्या व्यवस्थेचा एक गुण घेण्यासारखा आहे: तिथे सोबत कोणाकडे मागावी लागत नसे, ती दिवसाच्या वेळापत्रकातच बसवलेली असे. भिडस्त माणसाला, तुसड्या माणसालाही तिचा वाटा मिळे. आता पगार वाढले, स्वतंत्र खोली परवडू लागली, जेवण मोबाइलवरून मागवले की दारात येते. ह्यांपैकी एकही गोष्ट वाईट नाही, परंतु वेळापत्रकातली ती सोबत त्यांच्याबरोबर निघून गेली आहे, आणि ती हवी असेल तर ज्याची त्याने योजून आपल्या दिनचर्येत बसवणे भाग आहे.

ह्या योजनेत दुपारच्या डब्याला मी पहिला मान देईन. सलग पाच तासांहून अधिक काम घेऊ नये, मध्ये निदान अर्ध्या तासाची विश्रांती द्यावी, आणि दीडशेहून अधिक कामगार असतील तिथे जेवणासाठी स्वतंत्र खोली असावी, असे बंधन १९४८ च्या कारखाने अधिनियमाने घातले, तेव्हा कायदे करणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे अर्थातच शरीराचा थकवा होता; राज्य शासनाच्या कचेऱ्यांतही एक ते दोनच्या दरम्यान अर्धा तास भोजनासाठी राखलेला असतो. साऱ्या दिवसात हा एवढाच काळ असा की, ज्यात अव्वल कारकून आणि नवा लिपिक, कायम नोकर आणि कंत्राटी नोकर एकमेकांना कागदाशिवाय भेटू शकतात. नवा आलेला मनुष्य संकोचापायी नेमका हाच काळ दवडतो. तो आपल्याच टेबलाशी बसून, मोबाइल पाण्याच्या बाटलीला टेकवून, घाईघाईने जेवण उरकतो, आणि बाकीचे त्याला शिष्ट समजतात. तोही त्यांना शिष्टच समजत असतो. असे दुहेरी गैरसमज वर्षानुवर्षे टिकल्याची उदाहरणे कोणत्याही मोठ्या कचेरीत सापडतील.

डब्याच्या मंडळीत शिरण्याची एक रीत आहे. तिथे प्रत्येकाची जागा ठरलेली असते, आणि ती कोणत्याही कागदावर नोंदलेली नसली तरी हजेरीपटाइतकी पक्की असते. म्हणून पहिल्या दिवशी परभारे खुर्ची ओढून बसू नये, 'इथे कोणी बसतं का?' असे विचारून बसावे. खोलीवर स्वयंपाक होत नसेल आणि खानावळीचाच डबा येत असेल, तरी सदैव रिकाम्या हाताने जाऊ नये; आठवड्यातून एखाद्या दिवशी अर्धा डझन केळी, भाजलेल्या शेंगा, गावाहून आणलेली जवसाची चटणी, एवढे पुरे. त्याहून मोठा थाट करू नये, कारण परतफेडीचे ओझे समोरच्यावर पडते. दुसऱ्याने पुढे केलेली चमचाभर भाजी मात्र नाकारू नये. स्वाभिमानी माणसाला देणे जमते, घेणे जमत नाही, आणि ह्या न घेण्यालाच लोक तुटकपणा म्हणतात. पथ्य असेल, उपवास असेल, आहारात काही वर्ज्य असेल, तर ते पहिल्याच दिवशी मोकळेपणाने सांगून टाकावे, म्हणजे रोजच्या नकाराचा अर्थ लावत बसण्याची पाळी कोणावर येत नाही.

पहिला महिनाभर बोलण्यापेक्षा ऐकावे. कोणाच्या मुलाची परीक्षा आहे, कोणाचे घर बांधायला निघाले आहे, कोणाच्या सासूचे दुखणे विकोपाला गेले आहे, हे आपोआप कानी पडते आणि ध्यानात ठेवले तर पुढे उपयोगी पडते. परीक्षेनंतर आठवण ठेवून 'पेपर कसा गेला?' एवढे विचारणाऱ्या माणसाला मंडळीत जागा करून घ्यावी लागत नाही. पगार, बढती, कोणाची बदली कोणाच्या वशिल्याने रद्द झाली, हे विषय निघाले तर निघू द्यावेत, आपण काढू नयेत. आणि एक वाक्य तर कदापि उच्चारू नये: 'आमच्या पुण्यात असं नसतं.' पुण्याच्या जागी नागपूर, नाशिक, मुंबई काहीही घालावे. परिणाम तोच होतो.

इथे एक अप्रिय गोष्टही सांगितली पाहिजे. नव्या माणसाला 'मूळचे कुठले?' हा प्रश्न आपल्याकडे ज्या तत्परतेने विचारला जातो, तिच्यात कुतूहल असते तसा आडनावावरून न लागलेला जातीचा अदमास घेण्याचा प्रयत्नही असतो, आणि काही कचेऱ्यांत डब्यांची मंडळे त्या अदमासानुसारच बसलेली असतात. अशा मंडळात आपल्याला जागा झाली नाही, तर त्याचे कारण आपल्या स्वभावात हुडकत बसू नये. दुसरे मंडळ पाहावे. चालक, शिपाई, संगणक चालवणारी तरुण मुले ह्यांची पंगत पुष्कळदा अधिक मोकळी असते. स्त्रियांची पंगत बहुधा निराळी असते, आणि एखाद्या लहान कचेरीत एकच स्त्री असेल तर तिची पंगतच नसते. अशा वेळी शेजारच्या पोस्टात, पंचायत समितीत, शाळेत काम करणाऱ्या भगिनींशी ओळख करून घेऊन आठवड्यातून दोन दिवस तिकडे डबा घेऊन जाण्याचा परिपाठ ठेवावा. इमारत बदलली म्हणून कोणी हरकत घेत नाही.

ह्या सगळ्याला किती काळ लागतो, असा प्रश्न अधीर माणूस विचारतोच. कॅन्सस विद्यापीठाचे जेफ्री हॉल ह्यांनी, नव्या गावी राहायला येऊन सहा महिने झाले नाहीत अशा माणसांचा अभ्यास केला, आणि त्यांचा अंदाज असा की, केवळ परिचयाचे साध्या मैत्रीत रूपांतर होण्यास सुमारे पन्नास तासांचा सहवास लागतो, आणि घनिष्ठ मैत्रीला दोनशे तासांहून अधिक. शेजारी बसून केलेल्या कामाचे तास ह्या हिशेबात फारसे जमेस धरता येत नाहीत. आता आपल्या अर्ध्या तासाच्या सुट्टीचा जमाखर्च मांडावा: पाच दिवसांच्या आठवड्यात अडीच तास, म्हणजे पन्नास तासांना वीस आठवडे. जूनच्या मध्यावर रुजू झालेल्या माणसाचे वीस आठवडे नोव्हेंबरच्या आरंभी भरतात. तेव्हा 'इथली माणसे तुटक आहेत' हा निकाल दिवाळीपूर्वी देऊ नये, आणि जुलैतच कंटाळून डबा पुन्हा टेबलाशी उघडू नये.

आता मदत मागण्याविषयी. परक्या गावी बहुतेक सज्जन माणसे दुसऱ्याला उपयोगी पडण्याची धडपड करतात, आणि ते स्तुत्यच आहे. परंतु ओळख वाढवायची असेल तर उपयोगी पडण्यापेक्षा उपयोग करून घेणे अधिक लवकर फळते. पिठाची गिरणी कोणती चांगली, बाजार कोणत्या वारी भरतो, पहाटेची एसटी स्थानकात येते की नाक्यावरूनच जाते, रात्री-अपरात्री दार उघडणारा डॉक्टर कोण, असे प्रश्न बारनिशीच्या कारकुनाला, पहारेकऱ्याला, चहा आणणाऱ्या मुलाला विचारावे. ह्यांतली बरीचशी माहिती मोबाइलवर मिळते हे खरे, पण म्हणूनच ती तिथे शोधू नये. ज्याला विचारले त्याला क्षणभर आपल्या गावाचा यजमान झाल्याचे समाधान मिळते, आणि दोन दिवसांनी 'तुम्ही सांगितलेली गिरणी झकास निघाली' असे त्याला आठवणीने सांगितले की पहिल्या बोलण्याला दुसऱ्याची जोड मिळते. हा दुसरा निरोप बहुतेक जण विसरतात, आणि ओळख तिथेच थांबते. शिपायाला स्वतःची खाजगी कामे सांगणे हे मात्र ह्यात मोडत नाही; तो अधिकाराचा वापर झाला, आणि तो सगळ्यांना बरोबर कळतो.

असल्या चार शब्दांच्या ओळखींना हलके लेखण्याची आपल्याला सवय आहे. मार्क ग्रॅनोव्हेटर ह्यांनी, योगायोगाने १९७३ मध्येच, आपल्या प्रसिद्ध निबंधात दाखवले की, नोकरीची बातमी माणसाला निकटच्या मित्रांपेक्षा क्वचित भेटणाऱ्या परिचितांकडून अधिक वेळा लागते, कारण निकटच्या मित्रांना जे ठाऊक असते ते आपल्याला आधीच ठाऊक असते. बदलीच्या गावात रिकामी होणारी चांगली खोली, सुटीवर जाणाऱ्या सहकाऱ्याची मोटारसायकल, बोर्डाच्या परीक्षेला बसलेल्या मुलीसाठी शिकवणी, ह्या सर्वांच्या वार्ता ह्याच वाटेने येतात. आणि वार्ता आली नाही तरी रस्त्याने जाताना दोघा-तिघांनी मान हलवून ओळख दिली, ह्यानेही गावाचे परकेपण पुष्कळ उतरते.

अधिकाऱ्याचे प्रकरण निराळे आहे. तहसीलदार, बँकेचे शाखाधिकारी, ठाणेदार ह्यांच्यापुढे आलेल्या चहाच्या प्रत्येक कपामागे एखादी दरखास्त उभी असते, निदान तसा संशय त्यांना घ्यावा लागतो, आणि तो संशय बाळगता बाळगता माणूस सगळ्यांपासूनच दूर जातो. अशाने आपली सोबत जिथून आपल्या सहीचा कागद जात नाही अशा जागी शोधावी: सकाळी मैदानावर चालणाऱ्यांत, संगीताच्या वर्गात, अन्य खात्याच्या अधिकाऱ्यांत. हाताखालच्या मंडळींच्या डब्यात त्याने रोज जाऊन बसू नये, मग तो स्वभावाने कितीही प्रेमळ असो. तो अर्धा तास त्यांना त्याच्याविषयी तक्रार करण्यासाठी हवा असतो, आणि तो त्यांचा हक्क आहे. बोलावले तर जावे, वीस मिनिटे बसावे आणि उठावे. त्याऐवजी कचेरी सुरू होताना प्रत्येक टेबलापाशी उभ्याउभ्या एक वाक्य बोलत जाण्याचा शिरस्ता त्याला अधिक शोभतो.

प्रवासाचा विषय मोठा आहे, पण मुंबईच्या वाचकांना त्यातले मी काय सांगावे! आठ-बावन्नची गाडी, इंजिनाकडून तिसरा डबा, डावे दार, इतक्या नेमकेपणाने रोज भेटणाऱ्या माणसांनी लोकल गाड्यांतून टाळ-चिपळ्यांची भजनी मंडळे चालवली, दसऱ्याला डब्याला तोरणे बांधली, आणि बायकांच्या डब्यात संक्रांतीचे हळदीकुंकू व संध्याकाळची भाजी निवडणे दोन्ही एकाच बाकावर उरकले. ५ मे १९९२ रोजी पश्चिम रेल्वेने चर्चगेट ते बोरिवली अशी केवळ स्त्रियांसाठी स्वतंत्र गाडी सुरू केली, तेव्हा त्या स्नेहाला पूर्ण गाडीच मिळाली. ह्या गटांची दांडगाईही असते, रुमाल टाकून जागा अडवणे, नव्याला दारातून आत येऊ न देणे, हे त्या वाचकांनाही ठाऊक आहे. तिची भलामण मी करणार नाही. जिल्ह्याच्या ठिकाणाहून तालुक्याला एसटीने किंवा पॅसेंजरने अप-डाऊन करणाऱ्या शिक्षकांत आणि कारकुनांत हीच रीत लहान प्रमाणात आढळते.

नव्या प्रवाशाने काही दिवस एकच दार धरावे, प्रथम नुसती मान हलवावी, मग 'आज गाडी किती लेट?' इतके निरुपद्रवी काही विचारावे, आणि कानात यंत्र घालून डोळे मिटलेल्या माणसाला त्याच्या मार्गाने जाऊ द्यावे. परक्याशी बोलल्याने प्रवास कंटाळवाणा होईल ही भीती सार्वत्रिक आहे. शिकागोमधील निकोलस एप्ली आणि जुलियाना श्रोडर ह्यांनी २०१४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत काही प्रवाशांना शेजाऱ्याशी बोलायला सांगितले, काहींना गप्प बसायला. बोलणाऱ्यांचा प्रवास अधिक सुखाचा झाला, आणि ज्यांना केवळ अंदाज विचारला होता त्यांनी नेमके उलटे भाकीत केले होते. अर्थात हा प्रयोग शिकागोचा आहे, आणि आपल्याकडे अनोळखी पुरुषाशी बोलायचे की नाही हे एकट्या प्रवास करणाऱ्या स्त्रीने स्वतःच्या अंदाजाने ठरवावे. त्यात कोणाच्या प्रयोगाचे दडपण घेऊ नये.

संध्याकाळसाठी मुक्तद्वार वाचनालयाइतकी सोयीची जागा दुसरी नाही. रत्नागिरीचे नगर वाचनालय १८२८ चे, ठाण्याचे मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ चे. १९६७ च्या कायद्यानंतर शासनमान्य ग्रंथालये लहान गावांतूनही निघाली, आणि 'ड' वर्गातल्या ग्रंथालयातही वर्तमानपत्रांचे टेबल असते. त्या टेबलाशी बोलायची सक्ती नाही, आणि रोज साडेसहाला येणाऱ्या सेवानिवृत्त गृहस्थांना तुम्ही दोन दिवस दिसला नाहीत की ते तिसऱ्या दिवशी विचारतात. २९ फेब्रुवारी २०२० पासून राज्य शासनाच्या कचेऱ्यांना पाच दिवसांचा आठवडा लागू झाला. ज्यांचे घर रात्रीच्या प्रवासाच्या टप्प्यात आहे त्यांना तो वरदान ठरला, आणि ज्यांचे नाही त्यांच्या वाट्याला शनिवारही रविवारासारखाच मोकळा आला. अशांनी शनिवारची सकाळ तरी एका ठरलेल्या हॉटेलात, ठरलेल्या वेळी काढावी. कचेरीच्या व्हॉट्सॲप गटावर रोज सकाळी येणारी फुले आणि सुविचार ह्यांची गणना मी सोबतीत करीत नाही.

तथापि वर सांगितलेले सर्व करूनही मन उभारी धरत नसेल, झोप पहाटे तीनला मोडत असेल, अन्नावरची वासना उडाली असेल, खोलीवर एकट्याने पिण्याचे प्रमाण वाढत चालले असेल, किंवा जगण्यात अर्थ नाही असे विचार येत असतील, तर तो प्रश्न डब्याच्या मंडळीने सुटणारा नाही आणि त्याला एकाकीपणा म्हणून अंगावर काढूही नये. केंद्र सरकारने १० ऑक्टोबर २०२२ रोजी सुरू केलेल्या टेलि-मानस सेवेचा १४४१६ हा क्रमांक निःशुल्क आहे, तो रात्रंदिवस चालू असतो आणि त्यावर मराठीत बोलता येते. बदलीच्या गावी मानसोपचारतज्ज्ञ कुठे आहे हे ठाऊक नसणाऱ्यास तिथून मार्ग मिळतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाने २०२५ मध्ये दिलेल्या अहवालानुसार जगातल्या दर सहा माणसांमागे एकाला एकाकीपणाची झळ पोहोचते, तेव्हा ह्यात लाजण्यासारखे वा लपवण्यासारखे काही उरलेले नाही.

शेवटी, जे त्या कचेरीत आधीपासून बसलेले आहेत त्यांच्याविषयी. कारण ह्या कामातला सोपा अर्धा भाग त्यांच्याकडे आहे. आपल्या कचेऱ्यांत निरोपाचे समारंभ मोठ्या हौसेने होतात: वर्गणी जमते, शाल-श्रीफळ येते, ज्याच्याशी वर्षभर अबोला धरला त्याच्याविषयीही दोन शब्द बोलले जातात. येणाऱ्या माणसासाठी मात्र हजेरीपटावर नाव चढवण्यापलीकडे कोणतीच रीत नाही. ती घालून देण्यास शासननिर्णयाची आवश्यकता नाही. ज्या दिवशी नवा माणूस रुजू होईल त्या दिवशी त्याला पिण्याचे पाणी कुठले घ्यावे, स्वच्छतागृहाची किल्ली कोणाकडे असते, चहा किती वाजता येतो आणि त्याचा हिशेब कसा भागवतात, कोणत्या खानावळीत जाऊ नये, ह्या गोष्टी कोणी एकाने सांगाव्यात. त्याची जात, त्याचा वशिला आणि त्याची बदली शिक्षा म्हणून झाली की काय, ह्यांची चौकशी त्याच्या आधीच्या कचेरीला फोन करून करू नये. ती होतेच, आणि तिचे निष्कर्ष बहुधा चुकीचे असतात. पहिल्या दिवशी एक वाजता कोणीतरी त्याच्या टेबलाशी जाऊन 'डबा आणलाय का? नसला तरी चला' असे म्हणावे. तो 'नको, जरा काम आहे' असे म्हणेल, तेव्हा दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारावे. तेव्हाही नाही म्हणाला, तर त्याला आग्रहाने अवघडून टाकू नये. आठवडाभर जाऊ द्यावा, आणि मग आधी विचारलेल्या माणसाऐवजी दुसऱ्या कोणी विचारावे.